३० लाखांच्या गृहकर्जाची खरी किंमत किती? (रत्नागिरी तालुका, स्वतःच्या जागेत बांधकाम)

कातळसडा:

रत्नागिरीपासून थोडं आत, ग्रामपंचायत हद्दीत सहा गुंठ्यांचा बिनशेती प्लॉट आहे. सातबारा एकट्याच्या नावावर, मोजणी झालेली, बांधकाम परवानगी हातात. चिऱ्याचं तळमजल्याचं घर, वर स्लॅब. इंजिनीअरचं अंदाजपत्रक ३८ लाखांचं आहे, त्यातले ३० लाख कर्ज काढायचं आहे. वय ३४, पगारदार. शिवाय घरच्या आंब्याच्या कलमांचं मे महिन्यात थोडं उत्पन्न येतं.

बँकेने तरता, म्हणजे पुढे बदलू शकणारा, दर ८.५ टक्के सांगितलाय. २० वर्षांना हप्ता २६,०३५ रुपये, ३० वर्षांना २३,०६७. अधिकारी म्हणतात ३० वर्षं घ्या, हप्ता हलका पडेल, पुढे जमेल तसं जादा भरा. सोबत ९०,००० रुपयांचा कर्जविमा 'घ्यावाच लागतो' म्हणून कर्जातच धरलाय.

विचारायचं हे की हप्त्याचा आकडा सोडला तर हे कर्ज शेवटी कितीला पडतं, आणि बांधकामाच्या कर्जात आणखी कुठेकुठे पैसे जातात? कृपया आकड्यांत सांगा.

हिशेबी:

आधी तुमचे दोन पर्याय. २० वर्षांना एकूण भरणा ६२.४८ लाख, म्हणजे व्याज ३२.४८ लाख. ३० वर्षांना एकूण भरणा ८३.०४ लाख, व्याज ५३.०४ लाख. महिन्याला २,९६८ रुपये हलकं वाटावं म्हणून साडेवीस लाख जास्त व्याज. तिसरा पर्याय त्यांनी दाखवला नसेल: १५ वर्षांना हप्ता २९,५४२ आणि व्याज २३.१८ लाख. म्हणजे २० वर्षांच्या हप्त्यापेक्षा साडेतीन हजार जास्त भरले तर नऊ लाखांच्या वर वाचतात.

हे असं का होतं ते पहिल्याच हप्त्यात दिसतं. ३० लाखांवर ८.५ टक्क्यांनी एका महिन्याचं व्याज २१,२५०. तुमच्या २६,०३५ मधून ते वजा झालं की मुद्दलात जातात फक्त ४,७८५. पुढच्या महिन्यात व्याज चौतीस रुपयांनी कमी, मुद्दल तेवढ्याने जास्त. सुरुवातीची वर्षं गाडी अशीच रांगते. पाच वर्षं बिनचूक हप्ते भरले की तुमच्या खिशातून १५.६२ लाख गेलेले असतात आणि कर्ज उतरलेलं असतं ३.५६ लाखांनी, बाकी २६.४४ लाख. दहा वर्षांनी, म्हणजे अर्धी मुदत सरल्यावर, बाकी २१ लाख. मुद्दल निम्म्यावर येतं ते १६६व्या हप्त्याला, तेरा वर्षं दहा महिन्यांनी. पाचव्या-सहाव्या वर्षी बाकीचा दाखला मागितल्यावर बँकेने घोळ घातला असं अनेकांना वाटतं. घोळ नसतो, वेळापत्रक पहिल्या दिवसापासून तसंच असतं. मंजुरीपत्रासोबत ते पूर्ण छापून मागा आणि ६०वी, १२०वी ओळ वाचा.

आता जादा भरण्याचं. इथे दोन गोष्टींनी फरक पडतो: पैसे कधी भरले आणि भरल्यावर काय कमी करून घेतलं.

दुसऱ्या वर्षाच्या शेवटी २ लाख भरले, हप्ता तोच ठेवला आणि मुदत कमी करून घेतली तर साधारण ३१-३२ हप्ते गळतात आणि निव्वळ ६.२ लाख व्याज वाचतं. तेच २ लाख त्याच दिवशी भरून हप्ता कमी करून घेतला (२६,०३५ चा २४,२२४ होतो) तर वाचतात १.९ लाख. आणि तेच २ लाख बाराव्या वर्षाच्या शेवटी भरून मुदत कमी केली तर १.७५ लाख. बऱ्याच ठिकाणी पार्ट पेमेंट केलं की संगणक आपोआप हप्ता कमी करतो किंवा रक्कम पुढच्या हप्त्यांची आगाऊ रक्कम म्हणून ठेवतो. त्यामुळे प्रत्येक वेळी लेखी द्यायचं: 'ही रक्कम मुद्दलात जमा करावी, हप्ता कायम ठेवून मुदत कमी करावी.' आठ दिवसांनी नवं वेळापत्रक मागून उरलेल्या हप्त्यांचा आकडा तपासायचा.

दरवर्षी एक हप्ता जास्त भरला, म्हणजे बाराऐवजी तेरा, तर २४० हप्त्यांचं कर्ज दोनशेच्या आसपास महिन्यांत संपतं आणि सहा लाखांच्या थोडं वर वाचतात. कलमांच्या पैशांसाठी हे अगदी सोपं आहे.

अधिकाऱ्यांचं 'तीस घ्या आणि जादा भरा' गणितात चूक नाही. ३० वर्षांचं कर्ज घेऊन पहिल्या महिन्यापासून २६,०३५ च भरले तर ते वीस वर्षांतच संपतं, रुपयाचाही फरक नाही. नोकरीचा भरवसा कमी असेल तर ती एक सोयही आहे. पण जादा २,९६८ स्वतंत्र स्थायी सूचनेने (बँकेला एकदाच दिलेल्या कायमच्या आदेशाने) मुद्दलात जातील अशी व्यवस्था पहिल्याच महिन्यात झाली नाही, तर पुढे ती होत नाही.

तरत्या व्यक्तिगत गृहकर्जावर जादा भरण्याचा दंड बँकेला आणि गृहवित्त कंपनीला घेता येत नाही. 'कर्ज मुदतीआधी फेडलं तर दोन टक्के' असं कोणी म्हणालं तर कर्ज ठरावीक दराचं आहे का ते आधी पाहा.

बंदर रोड:

हिशेबींनी दर वीस वर्षं ८.५ च राहील असं धरलंय. तो राहत नाही.

रिझर्व्ह बँकेने मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रेपो दर (ती बँकांना ज्या दराने उसने पैसे देते तो) ४ वरून ६.५० वर नेला. पुढे २०२५ मध्ये तो टप्प्याटप्प्याने ५.२५ पर्यंत खाली आणला. आता २०२१ चं एक कर्ज घ्या: ३० लाख, ६.७५ टक्के, २० वर्षं, हप्ता २२,८११. वर्षभराने बाकी सुमारे २९.२७ लाख. तेव्हा दर अडीच टक्क्यांनी चढून ९.२५ झाला असं धरलं तर महिन्याचं व्याजच २२,५५९. मुद्दलात जातात २५२ रुपये! हप्ता तोच ठेवला तर हे कर्ज फिटायला आणखी ४८-४९ वर्षं लागतील. म्हणून त्या काळात मुदत वाढवून भागेना, तेव्हा लोकांचे हप्ते वाढले.

तुमच्या बाबतीत: सुरुवातीलाच दर साडेनऊ झाला आणि हप्ता बदलला नाही तर २४० ऐवजी ३०९ हप्ते. १०.४ च्या वर गेला तर २६,०३५ व्याजालाही पुरत नाहीत. दर वाढला की बँका सहसा मुदत वाढवतात, कारण हप्ता वाढला की गिऱ्हाईक ओरडतं आणि मुदत वाढली की त्याला कळतही नाही. ऑगस्ट २०२३ च्या रिझर्व्ह बँकेच्या परिपत्रकाप्रमाणे दर बदलताना हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडंथोडं, हे निवडायची मुभा कर्जदाराला द्यावी लागते. दर तिमाहीला किती मुद्दल फिटलं, किती व्याज गेलं, किती हप्ते उरले याचं पत्रकही द्यावं लागतं. ते पत्रक आलं की बाकी काही नाही वाचलं तरी 'उरलेले हप्ते' एवढा आकडा वाचा.

करार करताना दर कशाला बांधलाय ते विचारा. व्यापारी बँकांना १ ऑक्टोबर २०१९ पासून नवी तरती गृहकर्जं रेपोसारख्या बाहेरच्या दराला जोडावी लागतात आणि किमान तीन महिन्यांतून एकदा दर बदलावा लागतो. गृहवित्त कंपन्यांना हे बंधन नाही, त्या स्वतःच्या मूळ दरावर चालतात. तो चढताना धावतो आणि उतरताना दमतो. रेपो उतरूनही तुमचा दर हलला नाही तर लगेच दुसऱ्या बँकेत पळू नका. आधी त्याच ठिकाणी दरबदलाचा अर्ज द्या. थोडं शुल्क घेऊन दर खाली येतो. दुसरीकडे जायचं तर हिशेब असा: २१ लाख बाकी, १० वर्षं उरलेली, अर्धा टक्का कमी, तर महिन्याला ५६० रुपयांच्या आत, एकूण ६७ हजार. त्यातून नवीन प्रक्रिया शुल्क, वकील, मुद्रांक वजा. आणि नव्या ठिकाणी मुदत पुन्हा २० वर्षं करून घेतली तर सगळंच पाण्यात.

जोतं ते स्लॅब:

बांधकामाच्या कर्जाचं वेगळं दुखणं आहे, ते फ्लॅटवाल्यांना कळत नाही.

३० लाख एकदम मिळत नाहीत. आधी तुमचा वाटा, म्हणजे ८ लाख, बांधकामात गेलेला दाखवायचा. मग जोतं, लिंटेल, स्लॅब, गिलावा-लादी अशा टप्प्यांनी पैसे येतात, आणि तेही टप्पा पूर्ण झाल्यावर, बँकेच्या मूल्यांककाने बघून गेल्यावर. म्हणजे प्रत्येक टप्प्याचे पैसे आधी तुम्ही किंवा ठेकेदाराने घालायचे. हातात तीन-चार लाख मोकळे नसतील तर काम दर टप्प्याला अडतं, नाहीतर मधल्या काळासाठी सोनं तारण जातं. ते व्याज कुठल्याच पत्रकात दिसत नाही.

पूर्ण रक्कम उचलेपर्यंत हप्ता सुरू होत नाही, उचललेल्या रकमेवर फक्त व्याज भरायचं. त्याला प्री-ईएमआय म्हणतात. यातला रुपयाही मुद्दलात जात नाही आणि २४० हप्ते त्यानंतर सुरू होतात.

आपल्याकडे यात पाऊस घुसतो. दिवाळीनंतर जोतं घातलं की मे अखेर स्लॅब पडलाच पाहिजे. तो हुकला की जून ते सप्टेंबर काम बंद: चिरेखाणीत पाणी, वाळू नाही, गडी भातलावणीला. तोवर १८ लाख उचललेले असतील तर चार महिन्यांचं नुसतं व्याज ५१,००० रुपये. आणि उघड्या सळ्यांना चार महिने खारी हवा आणि पाऊस लागला की स्लॅबआधी गंज घासून काढायचं काम वेगळं. म्हणून उलटं मोजा. मेच्या दुसऱ्या आठवड्यात स्लॅब हवा तर लिंटेलची रक्कम मार्चअखेर खात्यात हवी, म्हणजे मूल्यांकक मार्चच्या मध्याला येऊन गेलेला हवा. मार्चअखेरीस बँका वर्षाच्या हिशेबात बुडालेल्या असतात, पाहणीचा अर्ज आधीच टाकून ठेवा. पावसाआधी स्लॅब पडण्याची खात्री नसेल तर जोत्यावर थांबून पुढची उचल ऑक्टोबरात घेणं स्वस्त. 'गणपतीला नव्या घरात' या हट्टापायी जूनमध्ये घाईघाईने उचल घेणारे खूप आहेत.

प्री-ईएमआयला पर्याय म्हणून पहिल्या उचलीपासूनच पूर्ण हप्ता सुरू करता येतो का ते विचारा. काही ठिकाणी देतात. मग व्याजाच्या वरची रक्कम पहिल्यापासून मुद्दलात जाते. घरभाडं भरावं लागत नसेल तर हेच करा.

व्याज पैसे खात्यात आल्याच्या दिवसापासून लागतं. मंजुरीच्या किंवा चेकवर लिहिलेल्या तारखेपासून लावणं रिझर्व्ह बँकेने एप्रिल २०२४ मध्ये गैर ठरवलंय. पहिलं पत्रक आलं की तारखा जुळवून बघा.

आणि अंदाजपत्रक ३८ लाखांचं म्हणताय त्यात विहीर किंवा बोअर, सेप्टिक टाकी, गडगा (कुंपणाची भिंत), वीजजोडणीचे खांब, स्लॅबवरची पत्र्याची शेड आहे का? बहुतेक वेळा नसते. रत्नागिरीत वर्षाला तीन हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो, सपाट स्लॅब शेडशिवाय गळतोच. मग शेवटी शेडसाठी वैयक्तिक कर्ज निघतं, गृहकर्जापेक्षा कितीतरी चढ्या दराने. आत्ताच अंदाजपत्रकात घाला.

कातळसडा:

खूप आभार. शेड आणि गडगा नव्हताच, नवं अंदाजपत्रक करून घेतो. कर्जविम्याचं कोणी सांगाल का? आणि कलमांचे पैसे मेमध्ये एकदम येतात, ते कर्जात भरले तर पुढच्या हंगामाच्या फवारणीला, खताला परत लागतात. यावर काही उपाय?

हिशेबी:

दुसऱ्याचं आधी. काही बँकांत गृहकर्ज चालू खात्यासारखं मिळतं. जादा पैसे त्यात ठेवले की तेवढ्या रकमेवर व्याज लागत नाही, आणि लागतील तेव्हा काढताही येतात. मेमध्ये ३ लाख ठेवून सहा महिन्यांनी फवारणीला काढले तरी ८.५ टक्क्यांनी त्या सहा महिन्यांचं पावणेतेरा हजार व्याज वाचलं. दर साध्या कर्जापेक्षा थोडा जास्त असतो, म्हणून वर्षातले बरेच महिने दोन-तीन लाख तिथे पडून राहणार असतील तरच परवडतं. बागायतदाराला चालतं, निव्वळ पगारावर महिनाअखेर गाठणाऱ्याला नाही.

विमा. ९०,००० कर्जात धरले तर त्याचाही हप्ता बसतो, ७८१ रुपये महिना. वीस वर्षांत १,८७,४४०. नव्वद हजारांची वस्तू एक लाख सत्त्याऐंशी हजारांना. शिवाय यातलं संरक्षण बाकी कर्जाबरोबर घटत जातं आणि कर्ज दुसरीकडे नेलं की बहुधा तिथे ते चालत नाही.

आयुर्विमा घेतल्याशिवाय कर्ज नाही असा रिझर्व्ह बँकेचा नियम नाही. 'मंजुरीची अट म्हणून लेखी द्या' म्हणा, बहुतेक वेळा अट विरघळते. पण विमाच नको असं मी म्हणत नाही. तुमच्या मागे कुटुंब आहे आणि ३० लाखांचं ओझं आहे, तर ५०-६० लाखांचा साधा मुदतविमा स्वतंत्र घ्या, वर्षाचं वर्षाला भरा. तो कर्जाला बांधलेला नसतो.

घराचा विमा मात्र घ्याच, आणि तोही स्वस्त असतो. ३ जून २०२० चं निसर्ग चक्रीवादळ, २२ जुलै २०२१ चा चिपळूणचा पूर, यानंतर याबद्दल वेगळं सांगायला नको. 'भारत गृह रक्षा' या नावाची प्रमाणित पॉलिसी सगळ्या साधारण विमा कंपन्यांकडे आहे. पूर, वादळ, दरड, वीज हे सगळं त्यात येतं. विमा रक्कम पुन्हा बांधायच्या खर्चाएवढी ठेवा, जमिनीची किंमत धरू नका. कर्जाएवढी तर मुळीच ठेवू नका. बँक कर्जाच्या रकमेचा विमा काढते, म्हणजे तिचं कर्ज सुरक्षित आणि तुमचे ८ लाख उघडे.

आता सगळे वरचे खर्च. प्रक्रिया शुल्क अर्धा टक्का धरलं तर १५,००० आणि त्यावर १८ टक्के जीएसटी २,७००. वकील आणि मूल्यांकन धरा ८,०००, बांधकामात पाहणी तीन-चारदा होते म्हणून प्रत्येक फेरीचे वेगळे घेतात का ते विचारा. तारणाच्या कागदावर मुद्रांक महाराष्ट्रात ५ लाखांवरच्या कर्जाला ०.३ टक्के, तुमचे ९,०००. हे झाले ३४,७००. यामुळे तुमचा ८.५ चा दर प्रत्यक्षात ८.६५ च्या आसपास पडतो. ९०,००० चा विमा त्यात मिळवला की ९.१. एका विम्याने जवळजवळ अर्धा टक्का दर चढला!

हा शेवटचा आकडा तुम्हाला काढत बसायला नको. १ ऑक्टोबर २०२४ पासून प्रत्येक किरकोळ कर्जासोबत एक पत्रक द्यावंच लागतं. त्यात शुल्कं आणि विमा धरून येणारा वार्षिक दर लिहिलेला असतो, आणि त्यात नसलेलं शुल्क तुमच्या स्पष्ट संमतीशिवाय पुढे लावता येत नाही. दोन बँकांची तुलना त्या आकड्यावर करा. फलकावरचा दर जाहिरातीसाठी असतो.

माडाची सावली:

एक वेगळी बाजू. ६२ लाख, ८३ लाख हे आकडे ऐकून माणूस घाबरतो, पण यात आजचा रुपया आणि वीस वर्षांनंतरचा रुपया एकाच तराजूत टाकलाय. महागाई ५ टक्के धरली तर शेवटचा २६,०३५ चा हप्ता आजच्या हिशेबाने ९,८०० रुपयांचा. सहा टक्के धरून सगळे २४० हप्ते आजच्या किमतीत आणले तर बेरीज ३६.३ लाख होते. ३० लाख आज वापरायला मिळतात त्याचं हे खरं मोल. आणि चिरा, सिमेंट, मजुरी थांबून राहत नाहीत. पाच वर्षं पैसे साठवून बांधायला गेलात तर ३८ लाखांचं घर ३८ लाखांत होणार नाही. तेव्हा जादा भरण्याच्या नादात हात रिकामे करू नका.

हिशेबी:

हे बरोबर आहे, आणि '६२ लाखांचं घर' म्हणणाऱ्यांना सांगायलाच हवं. पण जादा भरावं की नाही हा प्रश्न त्याने सुटत नाही. तिथे तुलना एवढीच: हातातला रुपया कर्जात घातला तर ८.५ टक्के नक्की वाचतात, त्यावर कर नाही. पीपीएफ आज ७.१ देतो, ठेवीचं व्याज करपात्र. शेअर बाजार जास्त देईल, कदाचित. म्हणून सहा हप्त्यांएवढी रक्कम बाजूला, मग मुदतविमा, आणि त्यानंतर उरलेलं कर्जात, हा क्रम मी धरेन.

करसवलतीचं कोणी आमिष दाखवेल. नव्या करप्रणालीत राहत्या घराच्या व्याजाला वजावटच नाही. जुनीत वर्षाला २ लाखांपर्यंत आहे. तुमचं पहिल्या पूर्ण वर्षाचं व्याज २.५३ लाख, २० टक्क्यांच्या पायरीवर वाचतील जास्तीत जास्त ४१,६००. उरलेले २.११ लाख तुमच्याच खिशातून. शिवाय बांधकाम कर्ज घेतलेल्या आर्थिक वर्षाच्या अखेरीपासून पाच वर्षांत पूर्ण झालं नाही तर दोन लाखांची मर्यादा तीस हजारांवर येते. प्री-ईएमआयच्या काळातलं व्याज घर पूर्ण झाल्यापासून पाच समान भागांत धरतात, त्याच दोन लाखांच्या आत. त्याचा दाखला बँकेकडून त्या त्या वर्षीच घेऊन ठेवा.

गजालवाला:

तुमचे कागद सरळ आहेत म्हणून बँकेची कर्जं मिळतायत. आमच्या सिंधुदुर्गात सातबाऱ्यावर अठरा नावं, त्यामुळे अर्धी माणसं पतसंस्थेत जातात. हा धागा वाचणाऱ्या त्यांच्यासाठी लिहितो. हप्तो कमी दिसता म्हणान भुलान जाव नको.

पतसंस्थेत पहिलं विचारायचं: व्याज घटत्या बाकीवर की मूळ रकमेवर सरसकट? १० लाख, १० वर्षं, सरसकट ९ टक्के म्हटलं तर व्याज ९ लाख, हप्ता १५,८३३. ऐकायला बँकेच्या आसपास वाटतं. घटत्या बाकीने तोच हप्ता १४.५ टक्क्यांचा आहे. १२ टक्के घटत्या बाकीने देणारी संस्था त्यापेक्षा स्वस्त, तिचा हप्ता १४,३४७.

दुसरं, घटती बाकी महिन्याला काढतात की वर्षाला? वर्षाला काढत असतील तर जानेवारीत भरलेला हप्ताही व्याजाच्या हिशेबाला वर्षअखेरीसच पोचतो. ३० लाखांवर वीस वर्षांत एवढ्यानेच ९० हजारांचा फरक पडतो.

तिसरं, पतसंस्था सहकार खात्याच्या कायद्याखाली चालतात, रिझर्व्ह बँकेच्या नाही. वर बंदर रोड आणि हिशेबींनी सांगितलेले दंडमाफीचे, पत्रकाचे, बाहेरच्या दराचे नियम तिथे लागू होत नाहीत. मुदतीआधी फेडीचं शुल्क, थकबाकीवरचा दंड, भाग भांडवलापोटी कापून ठेवायची रक्कम, सगळं करारात वाचून घ्यायचं. भाग भांडवल कर्जातून कापलं तर हातात येणाऱ्यापेक्षा जास्त रकमेवर व्याज भरत राहता.

सातबारा:

शेवटच्या हप्त्यानंतरचं कोणी लिहिलं नाही. बिनशेती असला तरी गावातला प्लॉट सातबाऱ्यावरच असतो, आणि बँकेचा बोजा इतर हक्कांच्या रकान्यात चढतो. कर्ज फिटलं की तो आपोआप उतरत नाही. पंधरा वर्षांपूर्वी फिटलेले बोजे अजून दिसतात, आणि मुलांनी जागा विकायला काढली किंवा दुसरं कर्ज मागितलं की तिथेच अडतं. तोवर ती शाखा दुसऱ्या बँकेत विलीन झालेली असते.

म्हणून फेडीच्या दिवशीच तीन गोष्टी मागा: बाकी नसल्याचा दाखला, बोजा कमी करण्याचं ग्राम महसूल अधिकाऱ्याच्या (तलाठ्याच्या) नावाचं पत्र (गट क्रमांक, मूळ फेरफार क्रमांक आणि कर्ज खाते क्रमांक त्यात हवेत), आणि तारणाची मूळ कागदपत्रं. कागदपत्रं ३० दिवसांत परत द्यायची असतात. चूक बँकेची असेल तर पुढच्या प्रत्येक दिवसाला ५,००० रुपये भरपाई आहे. कर्ज घेताना कागदांची यादी सही-शिक्क्यासह घेतली असेल तरच काय हरवलं ते सांगता येतं, तेव्हा ती यादी आत्ताच घ्या.

बोजा कमी करण्याचा अर्ज ई-हक्क प्रणालीतून ऑनलाइन करता येतो. फेरफार धरला जातो, मंडळ अधिकारी मंजूर करतात. त्यानंतर डिजिटल सहीचा नवा सातबारा काढून इतर हक्क वाचा. बोजा तसाच दिसत असेल तर अर्जाचा क्रमांक घेऊन लगेच मंडळ अधिकाऱ्यांकडे जा. केंद्रीय नोंदणीत, सरसाईमध्ये, बँकेने तारण सुटल्याची नोंद केली का तेही त्याच आठवड्यात विचारून घ्या, आणि घराच्या विम्यावर बँकेचं नाव असेल तर ते काढून घ्या.